शिकविलेले वाक्य आणि सुटलेले वाक्य : बंदिस्त राजवटींवरील काही अनुबोधपटांचा भाषादृष्ट्या विचार

१

बोलीचे नमुने गोळा करणाऱ्या अभ्यासकाच्या मार्गातील सर्वांत मोठी अडचण म्हणजे त्याची स्वतःची उपस्थिती. बुलढाणा जिल्ह्यात चिखलीहून खामगावकडे जाणाऱ्या रस्त्यावरचे अमडापूर हे गाव वऱ्हाडी बोलीच्या पश्चिमेकडील पट्ट्यात येते. ह्या पट्ट्यात घरी, शेतात आणि बाजारात ‘मले’, ‘तुले’ म्हणणारा व ‘जाऊन राहिलो’ अशी क्रियापदाची योजना करणारा मनुष्य, समोर हातात कागद घेतलेली परकी व्यक्ती येऊन बसली, की ‘मला’, ‘तुला’ आणि ‘जात आहे’ ह्या रूपांकडे वळतो. त्याला कोणी तसे सांगितलेले नसते. श्रोता कोण आहे हे त्याने ओळखलेले असते, इतकेच. अभ्यासकास हवी असलेली भाषा मात्र नेमकी त्याच क्षणी दाराआड गेलेली असते.

अमेरिकन भाषाशास्त्रज्ञ विल्यम लबॉव्ह यांनी ह्या अडचणीस ‘निरीक्षकाचा विरोधाभास’ असे नाव दिले. कोणी पाहत नसताना माणसे कशी बोलतात हे अभ्यासकास जाणून घ्यावयाचे असते. आणि ते जाणण्यासाठी त्याला पाहावे तर लागतेच. आपल्याकडील भाषिक पाहणीच्या इतिहासात हा विरोधाभास नावाने नसला तरी रूपाने पूर्वीपासून आहे. ग्रिअर्सन यांच्या भारतीय भाषांच्या पाहणीचा मराठीविषयक सातवा खंड १९०५ साली प्रसिद्ध झाला. त्यातील नमुने मुख्यतः जिल्ह्याच्या अधिकाऱ्यांकरवी मागविलेले होते, आणि उधळ्या पुत्राचा एकच दृष्टांत ठिकठिकाणच्या बोलींत उतरवून घेण्यात आला होता. म्हणजे बोली लोकांची. परंतु मजकूर ठरविलेला, आणि मागणारा सरकारचा अधिकारी. त्या नमुन्यांची उपयुक्तता ह्यामुळे नष्ट होत नाही. पण ते वाचताना मागणाऱ्याचा चेहरा डोळ्यांपुढे ठेवावा लागतो.

हीच अडचण एका विशिष्ट परिस्थितीत दुप्पट होते. बोलणाऱ्यासमोर अभ्यासक बसलेला आहे आणि अभ्यासकाच्या मागे, दिसो वा न दिसो, शासन कान देऊन उभे आहे, अशी ती परिस्थिती होय. ती केवळ दूरदेशीची नव्हे. बुलढाणा जिल्ह्याच्या सीमेस लागूनच १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत निजामाचे संस्थान होते. त्या संस्थानात सार्वजनिक सभेपूर्वी परवानगी घेण्याचे बंधन ‘गस्ती क्रमांक ५३’ ह्या नावाने ओळखले जाई, आणि तेथील ‘इमरोज’ ह्या पत्राचे संपादक शोएबुल्ला खान यांची २२ ऑगस्ट १९४८ रोजी हत्या झाली. सीमेच्या अलीकडे जे वाक्य चव्हाट्यावर म्हणता येत होते, ते पलीकडे कुजबुजावे लागत होते. आणि दोन्हींकडची भाषा मात्र मराठीच होती.

अशा राजवटीखालील जीवनाचे चित्रण करू पाहणारा अनुबोधपटकार हा, ह्या दृष्टीने पाहता, बोलीच्या अभ्यासकाचाच भाऊबंद ठरतो. त्याच्या यंत्रापुढे येणारे वाक्य कोणाचे, हा त्याच्यापुढील पहिला प्रश्न. ते वाक्य शिकविलेले असेल, तर त्याआडचे न शिकविलेले वाक्य कसे हाती लागावे, हा दुसरा. आणि असे सुटलेले वाक्य हाती लागले, तर त्याची किंमत कोणी मोजावयाची, हा तिसरा व सर्वांत गंभीर. आनंद पटवर्धन, व्हितालि मान्स्की आणि यांग योंग-ही ह्या तिघांच्या निवडक चित्रपटांच्या आधारे ह्या तीन प्रश्नांचा विचार येथे करावयाचा आहे.

२

विचाराचा आरंभ आपल्याच देशापासून करणे योग्य होईल. २५ जून १९७५ च्या रात्री जाहीर झालेली आणि २१ मार्च १९७७ रोजी उठलेली आणीबाणी ही भारतीय राज्यव्यवस्थेतील सुमारे एकवीस महिन्यांची बंदिस्त अवस्था होती. वृत्तपत्रांवर पूर्वपरीक्षण आले. लाखाहून अधिक माणसे खटल्याविना तुरुंगात गेली. कोण पकडले गेले, कोठे ठेवले गेले, हे कळण्याचे उघड मार्ग बंद झाले. मराठी वाचकास ह्या काळाचे स्मरण कऱ्हाडच्या साहित्य संमेलनामुळे विशेष आहे. त्या संमेलनाच्या अध्यक्षा दुर्गा भागवत यांनी जाहीरपणे निषेध केला, आणि पुढे त्यांना अटक झाली.

मुंबईत १९५० साली जन्मलेल्या आनंद पटवर्धनांनी ‘क्रांति की तरंगें’ हा सुमारे अर्ध्या तासाचा अनुबोधपट ह्या काळाच्या उंबरठ्यावर तयार केला. त्याचा विषय जयप्रकाश नारायण यांच्या नेतृत्वाखालील बिहारचे आंदोलन. चित्रण १९७४ मध्ये सुरू झाले, तेव्हा साधने अगदी तुटपुंजी होती. उसन्या लहान यंत्रावर घेतलेली काही दृश्ये पडद्यावर टाकून मोठ्या फितीवर पुन्हा चित्रित करावी लागली. चित्रातील खरखरीत धूसरपणाचे मूळ ह्यात आहे. परंतु भाषादृष्ट्या महत्त्वाची गोष्ट निराळीच आहे. ज्या माणसांनी यंत्रासमोर घोषणा दिल्या, मागण्या मांडल्या, तक्रारी केल्या, ती माणसे मोकळ्या हवेत बोलत होती. त्यांचे वाक्य उच्चारतेवेळी सुटलेले वगैरे काही नव्हते. ते साधे, उघड वाक्य होते.

जून १९७५ नंतर त्या वाक्यांत एका अक्षराचाही फरक झाला नाही. तरीही ती वाक्ये निराळी झाली. वाक्याचा अर्थ प्रसंगावर अवलंबून असतो हे भाषाशास्त्रातील सामान्य विधान येथे भीषण रूपाने प्रत्ययास येते. फितीवर टिकलेला आवाज आणि त्यासोबत टिकलेला चेहरा हा आता बोलणाऱ्याविरुद्धचा पुरावा होऊ शकत होता. चित्रपट भूमिगत झाला. त्याच्या एका प्रतीचे तुकडे करून ते देशाबाहेर नेण्यात आले, पटवर्धन शिक्षणासाठी कॅनडात असताना ते पुन्हा जोडण्यात आले, आणि परदेशस्थ भारतीयांपुढे व इतरांपुढे आणीबाणीची हकीकत सांगण्यासाठी तो दाखविला गेला. स्वदेशात उघडपणे बोललेले वाक्य परदेशात जाऊन ऐकावे लागावे, ह्याहून राजवटीच्या बंदिस्तपणाची निराळी व्याख्या करण्याचे कारण नाही.

ह्या उलट बाजूस, शासनाच्या फिल्म्स डिव्हिजनने ह्याच काळात काढलेल्या चित्रपटांचा विचार करावा लागतो. सुखदेव यांच्यासारख्या समर्थ दिग्दर्शकाने १९७६ साली ‘थंडर ऑफ फ्रीडम’ हा आणीबाणीचे समर्थन करणारा अनुबोधपट केला. ह्याच संस्थेने १९६७ साली एस. एन. एस. शास्त्री यांचा ‘आय ॲम ट्वेंटी’ प्रसिद्ध केला होता, हे लक्षात ठेवले म्हणजे तुलना बोलकी होते. स्वातंत्र्याबरोबर जन्मलेली वीस वर्षांची मुले त्यात देशाविषयी जे मनात येईल ते बोलतात. त्यांत उत्साह आहे, तसाच उपहास व कंटाळाही आहे. संस्था तीच, पैसा सरकारचाच. नऊ वर्षांत बदलले ते इतकेच, की शासनास कोणती वाक्ये ऐकावयाची आहेत हे आधीच ठरून गेले. शासकीय चित्रपट खोटाच असतो असे नव्हे. ज्या चित्रपटात विरुद्ध वाक्यास जागा नाही, त्यातील अनुकूल वाक्याचे वजन करता येत नाही, असे म्हणणे अधिक अचूक होईल.

आणीबाणी उठल्यानंतर पटवर्धनांनी १९७८ मध्ये ‘ज़मीर के बंदी’ हा पाऊण तासाचा चित्रपट पूर्ण केला. राजकीय बंदी हा त्याचा विषय. येथे अनुबोधपटकाराने निरीक्षकाच्या विरोधाभासावर जो उपाय योजला तो काळाचा होता. तुरुंगाचे दार उघडेपर्यंत थांबावयाचे आणि मग बोलणाऱ्यास बोलू द्यावयाचे. लबॉव्ह यांनीही आपल्या पाहणीत असे नोंदविले होते, की प्राणावर बेतलेल्या प्रसंगाची हकीकत सांगताना माणसाचे आपल्या बोलण्याकडील लक्ष कमी होते आणि त्याची स्वाभाविक भाषा प्रकट होते. बंदिवासाची साक्ष ही ह्या प्रकारात मोडते. सांगणारा श्रोत्याकडे पाहत असतो, पण त्याचे मन कोठडीत असते.

परंतु साक्षीचे व्याकरण भूतकाळाचे असते, आणि त्यात एक धोका आहे. ‘होते’, ‘झाले’, ‘केले’ अशी क्रियापदे एकामागून एक आली, की ऐकणाऱ्यास वाटते, संपले. ती राजवट गेली, आता आपण मोकळे. पटवर्धनांचा चित्रपट हा दिलासा नाकारतो. राजकीय बंदी आणीबाणीपूर्वीही होते आणि ती उठल्यानंतरही आहेत, ही त्याची भूमिका आहे. बंदिस्तपणाची सुरुवात २५ जूनला व शेवट २१ मार्चला, अशी पंचांगात खूण करणे त्यास मान्य नाही. १९७८ च्या उल्हसित वातावरणात असे म्हणणे लोकप्रिय होणारे नव्हते, आणि ह्या चित्रपटाचे खरे मोल तेथेच आहे. नव्या शासनाला आवडेल अशी साक्ष नोंदवून थांबला असता, तर तोही एका अर्थाने शिकविलेलेच वाक्य म्हणत राहिला असता.

३

पटवर्धनांना काळाचा उपाय साध्य झाला, कारण ती राजवट एकवीस महिन्यांत संपली. जेथे ती सात दशकांहून अधिक काळ चालू आहे, आणि पाहुण्यास पाऊल टाकण्यापूर्वी परवाना घ्यावा लागतो, तेथे काय करावयाचे? उत्तर कोरियाचे उदाहरण येथे घेणे भाग आहे. व्हितालि मान्स्की ह्या रशियन दिग्दर्शकाने तेथील सरकारच्या संमतीने प्याँगयांगमधील एका कुटुंबावर चित्रपट करण्याचे काम हाती घेतले. आठ वर्षांची एक मुलगी बालसंघात प्रवेश करते, ही त्याची कथा. संहिता सरकारी बाजूने आली, पात्रे सरकारने निवडली आणि चित्रणस्थळी सरकारी माणसे कायम हजर राहिली. २०१५ साली प्रदर्शित झालेल्या ह्या चित्रपटाच्या रशियन नावाचा अर्थ ‘सूर्यकिरणांत’ असा होतो.

मान्स्की यांचा उपाय काळाचा नसून शिवणीचा आहे. दृश्य संपल्यावर यंत्र बंद करावयाचे, हा नियम त्यांनी पाळला नाही. दिवसाचे चित्रण तपासणीसाठी देण्यापूर्वी त्याची दुसरी प्रत करून ठेवली. परिणामी जे कापून टाकावयाचे, तेच चित्रपटाचा मुख्य मजकूर झाले. कारखान्यातील कामगार बाई यशाचे वाक्य म्हणते. मागून आलेला देखरेख्या तिला तेच वाक्य अधिक आनंदाने म्हणावयास सांगतो. ती पुन्हा म्हणते. वडील एका कापड-कारखान्यातील अभियंता म्हणून दाखविले जातात, आई सोयाबीनच्या दुधाच्या कारखान्यातील कामगार म्हणून. दिग्दर्शकाची पाटी सांगते, की मुळात त्यांचे व्यवसाय निराळे होते. जेवणाच्या पाटावर लोणच्याच्या गुणांविषयीचा संवाद होतो, तोही तालमीनंतर. पदकांनी छाती भरलेला वृद्ध सैनिक भाषण करीत असता समोरची एक चिमुरडी मुलगी डुलक्या आवरण्याची शिकस्त करते. चित्रपटभर हे एकच मनुष्यदेहाचे वाक्य असे आहे, की जे कोणीही लिहून दिलेले नाही.

भाषिक दृष्टीने येथे दाखविले गेले ते असे. एकच वाक्य तीन वेळा म्हटले गेले, की त्यातील माहिती निघून जाते आणि केवळ उच्चारण्याची क्रिया उरते. प्रेक्षक अर्थ ऐकत नाही. कोणी म्हणावयास लावले, कोणी स्वर चढवावयास सांगितला, हे ऐकू लागतो. ग्रिअर्सनच्या पाहणीतील एकाच दृष्टांताच्या अनेक नमुन्यांप्रमाणे, मजकूर स्थिर ठेवल्यामुळे बाकीचे सर्व दिसू लागते. देखरेख्यास जो मजकूर लपवावयाचा होता तो लपलेला राहिलाच. पण लपविण्याची पद्धत उघडी पडली. गुप्त राजवटीविषयी बाहेरच्या माणसास मिळू शकणारे हे बहुधा सर्वांत विश्वसनीय ज्ञान होय.

तरीही ह्या चित्रपटाविषयी दोन आक्षेप घ्यावे लागतात. पहिला आक्षेप अर्थाचा. तालीम झाली म्हणजे भावना खोटी, असे समीकरण हा चित्रपट प्रेक्षकाच्या मनात सहज उभे करतो. शेवटी मुलगी रडू लागते. काहीतरी चांगले आठव असे तिला सांगितले जाते, तेव्हा ती पाठ केलेले स्तुतिपर बोल म्हणू लागते. प्रेक्षकाच्या अंगावर काटा येतो. पण तिला त्या क्षणी त्या बोलांचा आधार खरोखरच वाटला नसेल, हे कशावरून? आपल्याकडील मूल घाबरले की ‘रामरक्षा’ म्हणते. ती त्याला कोणी तरी शिकविलेलीच असते. शिकविलेले वाक्य आणि खोटे वाक्य ह्यांत अंतर आहे. अमडापूरचा माणूस परक्यासमोर ‘मला’ म्हणतो तेव्हा तो खोटे बोलत नाही. भाषेचा एक अंगरखा बदलतो.

दुसरा आक्षेप नीतीचा. उत्तर कोरियाच्या सरकारने चित्रपटास हरकत घेतली. दिग्दर्शक तोवर सुरक्षित ठिकाणी होता. कुटुंब तेथेच होते. दोन प्रती करण्याचा धोका दिग्दर्शकाने स्वतः पत्करला हे खरे. परंतु त्या प्रतीत जे चेहरे होते त्यांना हा करार कोणी विचारलेला नव्हता. ‘क्रांति की तरंगें’ची फीत लपविण्याची जरूर पडली, ती त्यातील माणसे पुढे बंदिस्त झालेल्या देशात राहत होती म्हणून. मान्स्कींच्या बाबतीत देश आधीच बंदिस्त होता आणि फीत मुद्दाम उघडी केली गेली. त्यांच्या बाजूने असे म्हणता येईल, की त्यांनी कुटुंबाच्या तोंडून राजवटीविरुद्ध एकही शब्द वदविलेला नाही. दोष दिसतो तो देखरेख्यांचा, कुटुंबाचा नव्हे. हा युक्तिवाद दुबळा नाही. पण दोष कोणाचा हे ठरविण्याचा अधिकार अशा राजवटीत चित्रपटाच्या प्रेक्षकाकडे नसतो, आणि म्हणून तो पुरेसाही नाही.

४

पहिल्या आक्षेपास उत्तर देणारा चित्रपट मान्स्कींच्या दहा वर्षे आधीच निर्माण झाला होता. यांग योंग-ही ही ओसाकात १९६४ साली जन्मलेली कोरियन वंशाची दिग्दर्शिका. जपानमधील कोरियन लोकांना उत्तर कोरियात पाठविण्याची योजना १९५९ मध्ये सुरू झाली आणि १९८४ पर्यंत सुमारे ९३,००० माणसे तिकडे गेली. यांगचे वडील उत्तर कोरियाशी निष्ठावंत असलेल्या संघटनेचे कार्यकर्ते. त्यांनी आपले तिन्ही मुलगे तिकडे पाठविले. मुलगी जपानमध्ये राहिली आणि तिने हातातील लहान यंत्राने वर्षानुवर्षे वडिलांचे चित्रण केले. ‘डिअर प्याँगयांग’ हा २००५ सालचा अनुबोधपट त्यातून सिद्ध झाला.

येथे देखरेख्या नाही. घर वडिलांचे, यंत्र मुलीच्या हातात, मधे जेवणाचे ताट. आणि तरीही वडिलांच्या तोंडी नेत्याच्या निष्ठेची तीच वाक्ये येतात, जी प्याँगयांगमध्ये देखरेख्याला पढवून घ्यावी लागतात. ती वाक्ये त्यांची स्वतःची आहेत. त्यांसाठी त्यांनी तीन मुलगे दिलेले आहेत. आई त्या मुलांना जपानमधून गरजेच्या वस्तूंची पार्सले अखंड पाठवीत राहते; निष्ठेचे वाक्य आणि पार्सलाचा दोरा एकाच घरात शेजारीशेजारी असतात. उत्तर कोरियाच्या सुबत्तेविषयी आई काही म्हणो, ती खोक्यात काय भरते ह्यावरून तिला काय ठाऊक आहे ते दिसते. येथे सुटलेले वाक्य तोंडाने नव्हे, हाताने म्हटलेले आहे.

चित्रपटाच्या उत्तरार्धात वडील आजारी आहेत, आणि मुलांना पाठविल्याविषयीची खंत त्यांच्या बोलण्यात येते. ही कबुली मुलीने खेचून काढलेली नाही. ती आली, कारण विचारणारी तीच होती आणि ती इतकी वर्षे विचारीत राहिली होती. मान्स्कींचा उपाय शिवण दाखविण्याचा. पटवर्धनांचा, दार उघडेपर्यंत थांबण्याचा. यांगचा उपाय नात्याचा आहे. बोलीच्या अभ्यासकास हा उपाय परिचित आहे. चांगला नमुना पहिल्या भेटीत मिळत नाही. घरातले एक माणूस होईपर्यंत वाट पाहावी लागते.

किंमत मात्र येथेही मोजावी लागली. ‘डिअर प्याँगयांग’ नंतर दिग्दर्शिकेला उत्तर कोरियात प्रवेश नाकारण्यात आला. भावांच्या भेटीचे दार तिच्यासाठी बंद झाले. मान्स्कींच्या तुलनेत एक फरक मात्र मोठा आहे. बोलण्याच्या परिणामाचा एक वाटा तरी तिने स्वतःच्या संसारात घेतला. भावांना काही सोसावे लागेल ही भीती तरीही उरतेच, आणि यांगचे चित्रपट ती लपवीत नाहीत.

ह्याच दिग्दर्शिकेचा ‘सूप अँड आयडिऑलॉजी’ हा २०२१ सालचा चित्रपट विचारास एक अनपेक्षित वळण देतो. वृद्ध आई सांगू लागते, की तरुणपणी ती १९४८ च्या जेजू बेटावरील कत्तलीतून जीव वाचवून जपानला पळून आली होती. ती कत्तल दक्षिणेकडील शासनव्यवस्थेने केली, आणि दक्षिण कोरियात त्याविषयी बोलणे पुढे अनेक दशके धोक्याचे होते. म्हणजे उत्तरेवरील तिच्या निष्ठेच्या वाक्याखाली जे मौन दडलेले होते, ते दक्षिणेने लादलेले होते. एका बंदिस्त राजवटीचे शिकविलेले वाक्य हे दुसऱ्या राजवटीने दाबलेल्या वाक्याची जागा भरून काढू शकते. शिकविलेल्या वाक्यावर केवळ हसून पुढे जाणाऱ्या समीक्षकाने येथे थबकावयास हवे.

५

आता पुन्हा पटवर्धनांकडे वळता येईल. कारण त्यांच्या पुढील एका चित्रपटात शिकविलेल्या वाक्याचा प्रश्न अगदी निराळ्या ठिकाणी, म्हणजे मोकळ्या म्हणविणाऱ्या समाजात, उभा राहतो. १९९८ च्या पोखरण चाचण्यांनंतर सुरू झालेला ‘जंग और अमन’ २००२ साली पूर्ण झाला. परीक्षण मंडळाने त्यास अनेक कात्र्या सुचविल्या. न्यायालयीन लढ्यानंतर २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या निर्णयाने तो अखंड प्रदर्शित होऊ शकला. लोकशाही राज्यातही अणुशक्तीचा कारभार कायद्यानेच गोपनीय राहतो. १९६२ च्या अणुऊर्जा कायद्यात माहिती उघड करण्यावर निर्बंध घालण्याची तरतूद होती. तेव्हा सर्व सरकार बंदिस्त नसले तरी सरकारातील एक खोली बंद असू शकते, आणि पोखरणजवळचे खेतोलाई वा झारखंडातील जादुगुडा येथील माणसे त्या खोलीच्या भिंतीला लागून राहत असतात. पटवर्धनांनी ह्या दोन्ही ठिकाणी यंत्र नेले व तेथील माणसांना बोलते केले.

परंतु ह्या चित्रपटातील सर्वांत बोलका प्रसंग पाकिस्तानातील आहे. लाहोरच्या एका शाळेतील मुली अण्वस्त्रांच्या बाजूने आवेशपूर्ण भाषणे करतात. भाषणे झाल्यावर दिग्दर्शक जात नाही. तो प्रश्न विचारीत राहतो, आणि गप्पांच्या ओघात मुलींची मते भाषणांतील मतांहून निराळी असल्याचे दिसून येते. वक्तृत्वात काय खपते हे त्यांनी ओळखलेले असते, इतकेच. येथे ना संहिता सरकारने दिलेली, ना देखरेख्या उभा. वाक्य शिकविणारा आहे तो समाज, आणि बक्षीस आहे ते टाळ्यांचे. आपल्याकडील कोणत्याही शाळेच्या वक्तृत्वस्पर्धेत हा प्रसंग ओळखू येईल. अमडापूरच्या शाळेतही येईल आणि पुण्या-मुंबईच्याही.

ह्या चित्रपटातील उणीव सांगितली पाहिजे ती निवेदनाची. पटवर्धनांचे निवेदन त्यांच्या स्वतःच्या आवाजात आहे. ते प्रामाणिक आहे आणि कोण बोलत आहे हे लपवीत नाही. परंतु काही ठिकाणी दृश्याने जे आधीच सांगितले, ते निवेदन पुन्हा सांगते, आणि प्रेक्षकास काय वाटावे हे सुचविते. ज्याने शिकविलेल्या वाक्याची चिरफाड इतक्या कौशल्याने केली, त्याने प्रेक्षकाच्या तोंडी वाक्य घालण्याचा मोह टाळला असता, तर लाहोरच्या प्रसंगाचा परिणाम अधिक खोल झाला असता. मान्स्कींच्या पाट्यांनाही हाच आक्षेप लागू पडतो. यांगच्या निवेदनास तो कमी लागू पडतो, कारण तिचे निवेदन पुष्कळदा तिच्या स्वतःच्याच अज्ञानाचे असते.

एवंच, बंदिस्त राजवटीवरील अनुबोधपटाची कसोटी त्याने किती गुपिते बाहेर आणली ह्यावर ठेवता येणार नाही. गुपित बाहेर आणणे हे हेराचे किंवा वार्ताहराचे काम आहे, आणि ते आपल्या जागी थोर आहे. अनुबोधपटाचे काम माणसाचे बोलणे दाखविण्याचे आहे: ते कोणासमोर झाले, कोणाच्या धाकात झाले, कितव्यांदा झाले, आणि त्यानंतर बोलणारा कोठे राहिला. ह्या चार प्रश्नांची उत्तरे ज्या चित्रपटात सापडतात, त्यातील शिकविलेले वाक्यही ज्ञान देते. ज्यात ती सापडत नाहीत, त्यातील सुटलेले वाक्यही फसवू शकते. ह्या कसोटीवर ‘सूर्यकिरणांत’ पहिल्या तीन प्रश्नांना उत्तम उत्तर देतो आणि चौथ्यापाशी गप्प राहतो. ‘ज़मीर के बंदी’ चौथा प्रश्न सर्वांत ठामपणे विचारतो. ‘डिअर प्याँगयांग’ चारही प्रश्न स्वतःच्या घरात घेऊन बसतो, आणि म्हणूनच ह्या चित्रपटांत त्याचे स्थान सर्वांत वरचे मानावे लागेल.

बोलींच्या क्षेत्रपाहणीस निघणाऱ्या विद्यार्थ्यासही हेच चार प्रश्न वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवता येण्यासारखे आहेत. अमडापुरात कोणी त्याच्यासमोर ‘मला’ म्हणाले, तर ते खोडून तेथे ‘मले’ लिहिण्याचा अधिकार त्यास नाही. ‘मला’ हेच लिहावे, आणि शेजारी कोण बसले होते तेही लिहावे. पुढे ओळख वाढून कोणी ‘मले’ म्हणाले, आणि त्यापाठोपाठ तलाठ्याविषयी, सावकाराविषयी वा पुढाऱ्याविषयी काही मनातले सांगितले, तर रूप नोंदवावे. नाव नोंदवावे की नाही, ह्याचा निर्णय मात्र त्याने आपल्या प्रबंधाच्या गरजेवर न ठेवता, प्रबंध छापून झाल्यावरही त्याच गावात राहणार असलेल्या माणसाच्या गरजेवर ठेवावा.